बाजावाला

पौष पौर्णिमेला मुरबाड तालुक्यात म्हसाची जत्रा भरते. बैलबाजारासाठी ती लांबलांब नावाजलेली. तेरा-चौदा वर्षांचा असताना मी बाबांबरोबर बैल विकायला गेलो होतो. संगती काका होता. काका लग्नाच्या बाजात क्लॅरोनेट फुंकायचा. शहापूर-मुरबाडच्या गावांत त्याला सगळे 'बाजावाला' म्हणत, नावानं कोणी हाक मारीत नसे. बाजावाल्यांची पानंही शेवटच्या पंगतीला पडायची.

जत्रेत तंबूचा सिनेमा आला होता, व्ही. शांतारामांचा 'पिंजरा'. सिनेमा १९७२चा, आमच्याकडं यायला उशीर झालेला. काकानं मला तिकिटाचे पैसे दिले आणि स्वतः कनातीला पाठ लावून बाहेरच बसला. "गाणं ऐकायला पडदा कशाला लागतोय रं?"

मी बाहेर आलो तर काका बाबांना सांगत होता, "ही गाणी बांधणारा नुसता पेटीवाला नाय. ह्यानं कधीतरी फुंकलेलं हाय. बाईला दम घ्यायला कशी जागा ठेवलीय बघ."

बाबा म्हणाले, "तू बैलाचं बोल."

पुढच्या लगीनसराईत ती गाणी काकाच्या क्लॅरोनेटवर वाजली. शिकवायला कोणी नव्हतं, कानानंच उचलली.

माझं लगीन १९८४ला झालं, मुलगी किन्हवलीकडची. तोवर टेप आणि कर्णे आले होते. बाजा जुनाट वाटायचा. मीच म्हणालो, कर्णा लावू. काकाला विचारलंसुद्धा नाही. मांडवात 'पिंजरा'ची गाणी लागली. काका मेढीला टेकून बसला होता आणि त्याची बोटं गुडघ्यावर चालत होती. मी ते पाहिलं आणि पाहुण्यांकडं वळलो.

काका गेल्यावर बऱ्याच वर्षांनी, खळ्यावर भात झोडताना रेडिओवर संगीतकार राम कदमांविषयी ऐकलं. 'पिंजरा'तली गाणी खेबुडकरांनी लिहिली, उषाताईंनी गायली, एवढं ठाऊक होतं. चाली कोणाच्या, हे कधी मनातच आलं नव्हतं. 'केला इशारा जाता जाता', 'एक गाव बारा भानगडी', दादा कोंडक्यांचा 'सोंगाड्या', सगळं संगीत याच माणसाचं. जन्म १९१६चा, मिरजेकडचे. पुढं प्रभात फिल्म कंपनीत लागले. आणि सुरुवातीला? मिरजेत बँडमध्ये क्लॅरोनेट वाजवायचे.

हातातली पेंढी हातातच राहिली. काकानं कनातीबाहेर बसून ओळखलं होतं. ते खरं निघालं, हे सांगायला आता काका नव्हता.

राम कदम १९९७ला गेले. त्यांचं नाव निदान सिनेमाच्या पाटीवर राहिलं. आमच्या काकाचं क्लॅरोनेट माळ्यावर आहे, फडक्यात गुंडाळलेलं.

परवा धाकट्या मुलाचं लगीन निघालं. पोरांना डीजे हवा होता. म्हटलं, हळदीला लावा, पण वरातीला बाजा मी ठरवणार. ठरवला. बाजावाल्यांना पहिल्या पंगतीला बसवलं. क्लॅरोनेटवाल्याच्या पानात वाढता वाढता त्याला आधी नाव विचारलं.