शायरचें पंचांग

आगगाडी किंवा आगबोट जेथें नेऊन सोडीत नाहीं, अशा एका प्रांताची ही हकीकत आहे. त्याचें नांव शायर. ऑक्सफर्ड येथील प्राध्यापक टोल्किन यांनीं तो कल्पनेनें वसविला. त्यांची 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज' ही कादंबरी १९५४ व १९५५ सालीं तीन खंडांत प्रसिद्ध झाली, आणि शेवटच्या खंडाच्या अखेरीस त्यांनीं या प्रांताचें पंचांगही जोडून दिलें. लढायांचीं वर्णनें वाचणारे पुष्कळ. पंचांगापर्यंत पोंचणारे थोडे. परंतु परक्या मुलखांतील माणसें कशीं राहतात हें जाणावयाचें असेल, तर तीं सण केव्हां करतात, विसावा कोणत्या दिवशीं घेतात, हें आधीं विचारावें. म्हणून वाचकांनीं माझ्याबरोबर याच वाटेनें शायरांत शिरावें.

प्रांत लहान नाहीं. पश्चिमेच्या टेकड्यांपासून ब्रँडीवाइन नदीच्या पुलापर्यंत त्याची रुंदी सुमारें १२० मैल, आणि दक्षिणोत्तर लांबी सुमारें १५० मैल. वस्ती हॉबिट नांवाच्या ठेंगण्या, अनवाणी हिंडणाऱ्या लोकांची. सुखवस्तु घराण्यांचीं घरें टेकडीच्या पोटांत कोरलेलीं, दारें वाटोळीं, कोठ्या भरलेल्या. मार्चो व ब्लँको हे दोघे भाऊ राजाची परवानगी घेऊन नदी उतरून आले, त्या वर्षापासून येथील शक सुरू होतो. शककर्ता म्हटला कीं आपल्या डोळ्यांपुढें रणांगण उभें राहतें. येथें तसें कांहीं नाहीं. नदी ओलांडली, जमीन नांगरली, आणि शक मोजूं लागले. मला ही गोष्ट मोठी मनोहर वाटली.

वर्षाचे महिने बारा, आणि प्रत्येक बरोबर तीस दिवसांचा. उरलेले पांच दिवस कोणत्याच महिन्यांत धरीत नाहींत. ते निव्वळ सणाचे. ऐन हिंवाळ्यांत दोन दिवस यूलचे, एक सरत्या वर्षाचा शेवटचा व एक नव्या वर्षाचा पहिला. ऐन उन्हाळ्यांत तीन दिवस लिथचे. त्या सुमारास व्हाइट डाउन्स या टेकड्यांवर मोठी जत्रा भरते, आणि दर सात वर्षांनीं तेथेंच मेयर निवडला जातो. ज्या वर्षीं एक दिवस वाढवावयाचा असेल, त्या वर्षीं तो लिथांतच घालून त्यास 'ओव्हरलिथ' म्हणतात आणि त्या दिवशीं विशेष उत्सव करतात. शायर शके १४२० मध्यें असा दिवस आला. आदल्याच वर्षीं गुंडांनीं प्रांत उजाड केला होता, झाडें तोडलीं होतीं. पुन्हां रोपें लावलीं, पीक कधीं नव्हे इतकें आलें, आणि त्या ओव्हरलिथला जो आनंद झाला तसा पूर्वीं कोणीं पाहिला नव्हता, असें तेथील बखर सांगते.

महिन्यांचीं नांवें मात्र प्राध्यापकांनीं हवेंतून काढलेलीं नाहींत. बीड नांवाच्या एका इंग्रज ख्रिस्ती साधूनें (आपल्या बीड जिल्ह्याशीं त्याचा संबंध नाहीं) ७२५ सालीं कालगणनेवर लॅटिन ग्रंथ लिहिला. त्यांत त्यानें आपल्या पूर्वजांचे, ख्रिस्ती होण्यापूर्वींचे महिने नोंदून ठेविले आहेत. मे महिन्याच्या सुमाराचा एक महिना 'तीन दुधांचा', कारण त्या दिवसांत गाई तीनदां दूध देत. आपल्या वडील मंडळींस याहून ओळखीची खूण पुढेंच आहे. ते लोक महिने चंद्रावरून मोजीत, आणि सूर्याशीं मेळ राहावा म्हणून मधून मधून उन्हाळ्यांत एक अधिक महिना घालीत. त्या महिन्याचें नांवही लिथच असे, आणि तीन लिथ आलेल्या वर्षास निराळें नांव होतें! शायरच्या ओव्हरलिथांत याच अधिक महिन्याची आठवण उरली असावी, असें मला वाटतें. फरक एवढाच कीं, आपल्याकडे अधिक महिन्यांत अनारसे जांवयास, तेथें सर्वांस.

आतां वारांकडे वळूं. ३६५ दिवसांत बावन्न आठवडे भरून एक दिवस शिल्लक राहतो, आणि त्यामुळें तारखेचा वार दर वर्षीं पुढें सरकतो. दुसऱ्या आयझेनग्रिमच्या काळीं हॉबिटांस हें गैरसोयीचें व अव्यवस्थित वाटूं लागलें. त्यांनीं लिथांतील मधला दिवस आणि ओव्हरलिथ यांस वारच देऊं नये असें ठरविलें. तेव्हांपासून प्रत्येक वर्ष शनिवारीं सुरू होऊन शुक्रवारीं संपतें, आणि अमुक तारखेस अमुक वार हें कायमचें ठरून गेलें. पत्रांत वार लिहिण्याचें कारण उरलें नाहीं. कोणताच महिना शुक्रवारीं सुरू होत नाहीं. म्हणून अशक्य गोष्टीस ते 'पहिल्या तारखेच्या शुक्रवारीं' होईल असें थट्टेनें म्हणतात. मात्र ब्रीच्या पलीकडे प्रवासास गेलें कीं हाच हिशेब अडचणीचा होई.

हीच युक्ति आपल्या जगांतही सुचली होती. १९३० सालापासून अमेरिकेंत एलिझाबेथ अकेलिस या बाईंनीं जागतिक पंचांगाचा पुरस्कार चालविला. त्यांत वर्षाचा अखेरचा दिवस बिनवाराचा होता, आणि लीप वर्षीं जूनअखेर तसाच आणखी एक. १९५३ सालीं भारत सरकारनेंच हा विषय संयुक्त राष्ट्रांपुढें ठेविला, आणि पंचांग सुधारणा समितीचे अध्यक्ष मेघनाद साहा यांनीं जिनीव्हांत त्याची बाजू मांडली. योजना १९५६ सालीं बाजूस पडली. सातवा दिवस पवित्र मानणारे यहुदी व कित्येक ख्रिस्ती पंथ विरुद्ध होते. मध्यें एक बिनवाराचा दिवस आला कीं त्यांचा सातवा दिवस आठवा होतो.

पुष्कळ सुधारकांनीं हा आक्षेप हटवादी ठरविला. मला तो तसा वाटत नाहीं. सोळा सोमवारांचें व्रत धरलेल्या बाईस दोन सोमवारांच्या मध्यें सहांऐवजीं सात दिवस आहेत असें सांगितलें, तर ती कोणता सोमवार खरा धरील? सरकारी कागदावरचा, कीं सासूबाईंनीं मोजून दिलेला? हॉबिटांस असा पेंच नव्हता. त्यांचा मोठा वार शुक्रवार. त्या दिवशीं दुपारनंतर सुटी आणि सायंकाळीं मेजवानी. उपास कोणीच करीत नसे. बिनवाराचा दिवसही ऐन जत्रेंत येई, आणि त्याचा वार कोणता हें विचारण्यास तेथें कोणाला सवड नसे.