दोन चालींची मात

आमच्या घरीं सोप्यावरच्या कोनाड्यांत बुद्धिबळाचा एक जुना पट आहे. पट कापडी, दुहेरी शिवलेला, मोहरे लांकडी, आणि त्यांतील एक काळा उंट फार वर्षांपूर्वीं हरवल्यामुळें त्याच्या जागीं शाईच्या दौतीचें बूच उभें राहतें. हा पट आमच्या तीर्थरूपांचा. त्यांनीं आम्हां दोघां भावांस एकाच वर्षीं दोन गोष्टी शिकविण्यास आरंभ केला : सकाळीं अमरकोश आणि संध्याकाळीं बुद्धिबळ. अमरकोश आमच्या वांट्यास आला व बुद्धिबळ दादांच्या, असें घरांतलीं माणसें थट्टेनें म्हणत. आणि त्यांत खोटें असें फारसें कांहीं नव्हतें. दादा आमच्याहून चार वर्षांनीं वडील. पहिलीं सात वर्षें त्यांच्याशीं खेळून आम्हीं एकही डाव जिंकला नाहीं.

जो डाव आम्हीं पहिल्यानें जिंकला, त्याचीच हकीकत आज सांगावयाची आहे. कारण ती हकीकत आम्ही जवळजवळ चाळीस वर्षें शाळेंतल्या मुलांना सांगत आलों, आणि ती अपुरी होती असें आतां कळून आलें आहे.

१९७४ सालचा जून महिना. आम्ही त्या वर्षीं जुनी अकरावीची मॅट्रिक उत्तीर्ण झालों होतों. गुणही बरे होते. दादा पुण्यास इंजिनियरिंगचें शिक्षण घेत होते. तीर्थरूपांची मिळकत म्हणजे चार घरची भिक्षुकी आणि कृष्णाकांठची थोडी जमीन. त्यांत दोघांचा खर्च चालणें शक्य नव्हतें. हें आम्हांस कोणीं सांगितलें नाहीं. सांगावें लागलें नाहीं. आम्हीं घरीं राहावें, शिक्षकाची पदविका घ्यावी व जवळपास नोकरी पाहावी, हें एके दिवशीं जेवणाच्या पंगतींत, जणूं काय पूर्वींच ठरलेलें असावें तसें, ठरून गेलें. दादा पहांटेच्या गाडीनें पुण्यास परत जावयाचे होते. त्या रात्रीं वीज गेलेली. कंदिलाच्या उजेडांत त्यांनीं पट मांडला आणि आम्हांस हांक मारली. मध्यरात्रीच्या सुमारास आम्हीं त्यांच्या राजावर मात केली, आणि तीही प्याद्यानें! आमच्याकडील जुन्या खेळांत प्याद्याची मात सर्वांत मानाची. दादांनीं राजा आडवा ठेवला व "आतां तूं खेळूं लागलास" एवढेंच म्हणून ते निजावयास गेले.

त्या एका विजयावर आम्हीं पुढें किती वर्षें काढलीं, तें आज सांगण्यास संकोच वाटतो. पुण्याचें कॉलेज अंतरलें, तरी ज्यास तें मिळालें त्यास आम्हीं एकदां तरी जिंकलें आहे, ही गोष्ट मनाच्या तळाशीं दडून राहिली. पुढें वर्गांतील एखादा मुलगा नापास होऊन मान खालीं घालून बसला, कीं आम्ही त्यास सांगत असूं : "आम्ही सात वर्षें हरलों, आठव्या वर्षीं जिंकलों. चिकाटी सोडूं नये."

आतां अलीकडील गोष्ट. गेल्या दिवाळींत दादांचा नातू सुटींत घरीं आला. दादाही निवृत्तीनंतर येथेंच राहतात, त्यामुळें घर पुन्हा भरलेलें असतें. मुलगा बुद्धिबळाचा नादी. परंतु त्याचा पट मोबाइलमध्यें, आणि त्याचा गुरुही त्याच मोबाइलमध्यें. प्रत्येक चालीनंतर पटाच्या कडेची एक पांढरीकाळी पट्टी वरखालीं होते. पांढऱ्याची बाजू सरस तर पांढरी वाढते, काळ्याची सरस तर काळी. हा मुलगा पटाकडे कमी आणि त्या पट्टीकडे अधिक पाहतो, हें पाहून आमच्यांतला शिक्षक अस्वस्थ झाला. गणित सोडविण्यापूर्वीं पुस्तकाच्या शेवटचीं उत्तरें पाहणारीं मुलें आम्हीं थोडीं का पाहिलीं!

तथापि ज्याची निंदा करावयाची तें अगोदर समजून घ्यावें, म्हणून आम्हीं नातवास पुसलें, कांहीं वाचलें, आणि जें कळलें तें वाचकांपुढें ठेवतों.

बुद्धिबळ खेळणाऱ्या यंत्राची हांव मनुष्यास जुनी आहे. १७७० सालीं व्हिएन्नाच्या दरबारांत केंपेलेन नामक गृहस्थानें पगडी घातलेला एक लांकडी तुर्क दाखविला. तो मोठमोठ्यांस हरवी. १८०९ सालीं नेपोलियनही त्याच्यापुढें बसला. परंतु त्याच्या पेटीच्या पोटांत एक जिताजागता खेळाडू दडवून बसविलेला असे! पुढें १९१२ च्या सुमारास स्पेनच्या तोर्रेस केव्हेदो यानें राजा व हत्ती घेऊन एकट्या राजावर मात करणारें खरेंखुरें यंत्र केलें. १९५० सालीं क्लॉड शॅनन या अमेरिकन पंडितानें संगणकानें बुद्धिबळ कसें खेळावें याची शास्त्रीय मांडणी केली. संभाव्य डावांची त्यानें अजमासानें काढलेली संख्या म्हणजे एकावर एकशेंवीस शून्यें! इंग्लंडचा ॲलन ट्युरिंग याजपाशीं तर त्याच्या रीतीनें खेळूं शकेल असें यंत्रही नव्हतें. १९५२ सालीं तो स्वतःच यंत्र झाला, कागदावर नियमांप्रमाणें आंकडेमोड करून एकेक चाल खेळला, आणि हरला.

यंत्राची रीत अशी : आपली प्रत्येक संभाव्य चाल, तीवर प्रतिपक्षाचें प्रत्येक उत्तर, त्यावर पुन्हा आपली चाल, अशा फांद्या फुटत जातात. शेवटच्या टोंकाशीं जी स्थिति येईल तिचें मोल तें आंकड्यांत मांडतें, आणि प्रतिपक्षही उत्तमच खेळेल असें गृहीत धरून मागें परततें. जी फांदी वाईट ठरली ती तेथेंच छाटून टाकतें. या मार्गानें 'डीप ब्लू' नांवाच्या संगणकानें, सेकंदास सुमारें वीस कोटि स्थिति तपाशीत, ११ मे १९९७ रोजीं न्यूयॉर्क येथें तत्कालीन जगज्जेता गॅरी कास्पारोव्ह यास साडेतीन विरुद्ध अडीच गुणांनीं हरविलें. पुढें २०१७ सालीं 'अल्फाझीरो' आला. त्यास मनुष्यांचा एकही डाव दाखविला नव्हता. केवळ नियम सांगितले होते. तो स्वतःशींच लाखों डाव खेळून कांहीं तासांत असा तयार झाला कीं, 'स्टॉकफिश' या त्या काळच्या बलाढ्य प्रोग्रामशीं झालेल्या शंभर डावांत त्यानें अठ्ठावीस जिंकले, बहात्तर बरोबरींत सोडविले व एकही गमावला नाहीं. हाच स्टॉकफिश, आणखी सुधारून, आज कोणाच्याही मोबाइलमध्यें फुकट येऊन बसतो, आणि आजच्या जगज्जेत्यासही तो भारी आहे.

ज्या देशांत बाणभट्टानें हर्षाच्या राज्यांत चतुरंगाची रचना केवळ पटावरच दिसे असें वर्णिलें, आणि ज्या देशांत रुद्रटानें घोड्याच्या चालीनें अक्षरें वेंचीत गेलें तरी तोच श्लोक पुन्हा निघावा अशी करामत केली, त्या देशांतील आम्हांस या यंत्राचें कौतुक वाटावें हें स्वाभाविकच आहे. आम्हांस तें वाटलेंही. आणि त्याच कौतुकाच्या भरांत आम्हीं ती वही काढली.

दादांना तरुणपणीं प्रत्येक डाव टिपून ठेवण्याची संवय होती. ती वही माळ्यावरील पेटींत होती. "हा डाव तुझ्या यंत्रास दाखव," आम्ही नातवास म्हणालों, "पाहूं तुझा गुरु आम्हांस किती गुण देतो तें." स्तुति ऐकण्याचीच ती इच्छा होती, हें कबूल केलें पाहिजे.

मुलानें एकेक चाल घातली. पट्टी वरखालीं होत राहिली. चोविसाव्या चालीला ती एकदम एका टोंकाला जाऊन भिडली व पुढच्याच क्षणीं खालीं कोसळली. दादांच्या त्या चालीपुढें लाल रंगांत दोन प्रश्नचिन्हें उमटलीं.

"आबा, अहो, येथें आजोबांना दोन चालींत मात होती!"

त्यानें ती दाखविली. आमचा राजा कोपऱ्यांत, भोंवतीं आमचेच मोहरे. दादांनीं आपला वजीर राजाच्या शेजारीं नेऊन शह द्यावा. घोड्याच्या जोरामुळें राजास तो मारतां येऊं नये. तो हत्तीनेंच मारावा लागावा. आणि मग आपल्याच माणसांनीं कोंडलेल्या राजावर त्या घोड्यानें मात करावी. झालें! परंतु वहींत दादांच्या हातची नोंद होती : घोडा मागें घेतला.

आम्हीं तो डाव पन्नास वर्षांत मनांतल्या मनांत किती वेळां खेळलों असूं! परंतु प्रत्येक वेळीं आपल्याच मोहऱ्यांकडे पाहत राहिलों. दादांच्या बाजूनें पट कधीं पाहिलाच नाहीं. यंत्रास बाजू नसते, म्हणून त्यास तें क्षणांत दिसलें.

त्या रात्रीं आम्हांस झोंप आली नाहीं. दादांस ती मात दिसली नसेल, असें म्हणावें तर घोड्याची ती मात आम्हांस शिकविली होती दादांनींच; वजीर देतांना त्यांचे डोळे कसे चमकत तेंही आठवत होतें. दिसली असेल, तर आम्हीं ज्यावर उभे राहिलों तो विजय आमचा नव्हता. तें दान होतें. आणि कोणत्या रात्रीं दिलेलें दान! ज्या रात्रीं त्यांस पुण्यास जावयाचें होतें आणि आम्हांस मागें राहावयाचें होतें, त्या रात्रीं. प्रथम राग आला. दया केली म्हणून राग, आणि ती इतकीं वर्षें लपविली म्हणूनही राग. मग पहांटेच्या सुमारास निराळेंच मनांत आलें. एकवीस वर्षांचा तो मुलगा. घराचा निर्णय त्यानें केलेला नव्हता आणि तो मोडण्याचें सामर्थ्यही त्याच्या अंगीं नव्हतें. पटावर मात्र त्याची सत्ता होती. जें देणें त्याच्या हातीं होतें तें त्यानें दिलें असेल काय?

सकाळीं नातवास आमची मुद्रा पाहून कसेंसेंच झालें असावें. तो म्हणाला, "आबा, चूक मोठमोठ्यांचीही होते. २००६ सालीं बॉन येथें क्रॅमनिक जगज्जेता असून डीप फ्रिट्झ या संगणकापुढें एका चालींतली मात पाहावयास विसरला. आजोबाही विसरले असतील." मुलाचें म्हणणें खोटें नव्हतें. यंत्रानें आम्हांस काय सुटलें तें अचूक दाखविलें. कां सुटलें, हें त्या पट्टीवर कोठेंही उमटत नव्हतें.

शेवटीं दादांनाच विचारलें. ते अंगणांत ऊन खात बसले होते. मोतीबिंदूच्या शस्त्रक्रियेनंतर त्यांच्या डोळ्यांवर काळा चष्मा होता.

"दादा, चौऱ्याहत्तर सालच्या त्या डावांत तुम्हांस दोन चालींत मात होती."

"कोणता डाव?"

"तुम्ही पुण्यास जाण्याच्या आदल्या रात्रींचा."

दादा थोडा वेळ कांहींच बोलले नाहींत. मग म्हणाले, "अरे, पन्नास वर्षें झालीं त्याला. पहांटेची गाडी होती. झोंप येत होती मला. कंदिलाचा उजेड तरी किती होता!" आणि लगेच आंत हांक मारून त्यांनीं वहिनींकडे चहा मागितला.

यावरून वाचकांनीं जो तर्क करावयाचा तो करावा. आम्हीं आमचा केला आहे, आणि दादांस पुन्हा विचारलेलें नाहीं.

नातवाविषयींची काळजी मात्र आम्हीं मनांत ठेविली नाहीं. २०२४ च्या डिसेंबरांत अठराव्या वर्षीं जगज्जेता झालेल्या डी. गुकेश यास त्याच्या गुरूनें बरींच वर्षें यंत्राचा आधार घेऊं दिला नव्हता, हें आम्हीं त्यास वाचून दाखविलें. तेव्हांपासून घरांत नियम झाला आहे : डाव चालू असतांना मोबाइल कोनाड्यांत राहील, डाव संपल्यावर आपल्या चुका आधीं आपण शोधाव्या, मग यंत्रास पुसावें. मुलानें कुरकुर केली, पण नियम पाळला. आणि परवां त्यानें दाखविलेली एक चूक यंत्रानेंही मान्य केली, तेव्हां त्याला झालेला आनंद पट्टीनें आधींच उत्तर दिलें असतें तर झाला नसता.

त्याच दिवाळींत एका संध्याकाळीं दादांनीं पट मांडला. डोळ्यांस अजून नीट दिसत नसल्यामुळें असेल, त्यांचा एक घोडा बिनजोर राहिला. क्षणभर आमच्या मनांत जुन्या ऋणाचा विचार आला. परंतु दादा समोर बसून आमच्या हाताकडे पाहत होते. आम्हीं घोडा मारला. दादा दोन दिवस त्याबद्दल कुरकुरत होते.

राहतां राहिले ते आमचे विद्यार्थी. ते आतां गांवोगांव पांगले आहेत. कित्येकांचीं मुलें कॉलेजांत असतील. आमची ती गोष्ट दुरुस्त करून सांगावयाची तर त्यांस कोठें गांठावें? त्यांपैकीं कोणाच्या हातीं हा अंक पडला, तर त्यानें एवढें लक्षांत घ्यावें : चिकाटी सोडूं नये, हें खरेंच आहे, पण मास्तर जो डाव जिंकला म्हणून सांगत असत, त्यांत चोविसाव्या चालीला त्यांच्या वडील बंधूनें आपला घोडा मागें घेतला होता.