मधला तुकडा

१९६४ मध्ये कॅनडाच्या सीबीसी वाहिनीवर फ्लेचर मार्कलने आल्फ्रेड हिचकॉकची मुलाखत घेतली. संकलनात अर्थ कसा तयार होतो, हे हिचकॉक त्यात स्वतःचाच चेहरा वापरून समजावतो. आधी डोळे बारीक करून बघणारा म्हातारा, मग तान्हं बाळ घेतलेली बाई, मग हसणारा म्हातारा. किती मायाळू! आता कडेचे दोन्ही तुकडे तेच ठेवायचे आणि मधे बिकिनीतली तरुणी टाकायची. हसू तेच, पण म्हातारा चावट ठरतो. मूळ प्रयोग रशियातल्या कुलेशोव्हचा, पण सांगावा हिचकॉकनेच.

कॉलेजात असताना फिल्म सोसायटीत ही मुलाखत पाहिली. व्हीएचएसची प्रत इतकी झिजलेली, की पडद्यावर सारखा पाऊस. तरीही मी भारावलो. पुढे कित्येक दिवस टपरीवर मित्रांच्या चेहऱ्यांवर तोच प्रयोग करून दाखवायचो. (चहाचे पैसेही तेच द्यायचे.) सिनेमा एकटा दिग्दर्शक घडवतो, अशी तेव्हा माझी ठाम समजूत होती.

ती हळूहळू विरत गेली. ‘सायको’तल्या न्हाणीघराच्या प्रसंगाला हिचकॉकला संगीत नकोच होतं, त्या किंचाळणाऱ्या व्हायोलिन्स बर्नार्ड हरमनने आणल्या. १९७९ च्या सन्मान सोहळ्यात तर हिचकॉकनेच चार जणांचे आभार मानले: एक संकलक, एक पटकथाकार, मुलीची आई आणि एक सुगरण. चौघींचं नाव एकच, आल्मा रेव्हिल. त्याची बायको. नंतर ती जुनी मुलाखत बघताना त्याच्या प्रत्येक ‘मी’पाशी अडखळायला व्हायचं.

मग २०१६ मध्ये टिपी हेड्रनचं आत्मचरित्र आलं. ‘द बर्ड्स’ आणि ‘मार्नी’ची ही नायिका. हिचकॉकने आपल्यावर जबरदस्तीचा प्रयत्न केला आणि नकार दिल्यावर कारकीर्द संपवायची धमकी दिली, असं तिने लिहिलं. उत्तर द्यायला तो नव्हता. १९८० मध्येच गेला. किम नोव्हाकसारख्या नायिकेने आपला अनुभव तसा नव्हता असं सांगितलं आहे, तेही खरं. पण ‘मार्नी’चं साल पुन्हा पाहिलं: १९६४. मुलाखतीचंच.

यूट्यूबवर मुलाखत परत लावली. तोच चेहरा, तेच बारीक डोळे, तेच हसू. मधला तुकडा तेवढा हेड्रनने बदललेला.

रसास्वाद शिबिरं घेणाऱ्यांनी ही मुलाखत जरूर दाखवत राहावी. तिच्याइतका चांगला धडा दुसरा नाही. फक्त ती संपल्यावर लगेच चहाची सुट्टी देऊ नये. हेड्रनच्या पुस्तकातली ती पानंही वाचून दाखवावीत.