एक तास म्हणजे सात वर्षं!

दोस्तांनो, परगावी जायचं ठरलं की आपण दोन प्रश्न हमखास विचारतो. किती लांब आहे? आणि परत कधी यायचं? आज तुम्हांला ज्या ठिकाणी नेणार आहे, तिथे पहिल्या प्रश्नाचं उत्तर कसंबसं देता येईल. दुसऱ्याचं ऐकून मात्र भल्याभल्यांची झोप उडते.

या ठिकाणाचं नाव गार्गांटुआ. नकाशात शोधू नका, सापडायचं नाही. २०१४ साली आलेल्या ‘इंटरस्टेलर’ या इंग्रजी चित्रपटासाठी कल्पनेतून रचलेलं हे एक कृष्णविवर. वस्तुमान आपल्या सूर्याच्या दहा कोटी पट! जायचा रस्ता असा: यानात बसायचं आणि दोन वर्षं प्रवास करून शनी गाठायचा. शनीजवळ एक कृमिविवर आहे, म्हणजे अवकाशातली जवळची वाट. कसारा घाटातल्या बोगद्यात शिरून इगतपुरीला निघावं, तसं त्यात शिरलं की थेट दुसऱ्या दीर्घिकेत बाहेर!

समोर काळाकुट्ट गोल दिसतो आणि त्याभोवती तापलेल्या वायूचं सोनेरी कडं. या कड्याचा मागचा भाग खरं तर गोलाआड लपायला हवा. पण तिथलं गुरुत्वाकर्षण इतकं जबरदस्त, की प्रकाशसुद्धा वाकतो. त्यामुळे मागचं कडं वर आणि खाली कमानीसारखं दिसतं. डोळ्यांचं पारणं फिटतं, बरं का!

आपल्याला उतरायचंय ते या कृष्णविवराला अगदी खेटून फिरणाऱ्या एका ग्रहावर. मिलर नावाच्या शास्त्रज्ञ बाई आधी तिथे पोहोचल्या होत्या, म्हणून हा मिलरचा ग्रह. इथला एक तास म्हणजे पृथ्वीवरची तब्बल सात वर्षं!

जरा हिशेब करा. दहा मिनिटांची छोटी सुट्टी म्हणजे पृथ्वीवर एक वर्ष दोन महिने. एक शिंक दिली, एक सेकंद गेला, की घरी सतरा तास उलटले. पाचवीत असताना इथे पस्तीस मिनिटांच्या भूगोलाच्या तासाला बसलात, तर घंटा होईपर्यंत पृथ्वीवरचे तुमचे वर्गमित्र नववीत!

आणि गंमत म्हणजे इथे राहणाऱ्याला काहीच वेगळं वाटत नाही. घड्याळ नेहमीसारखं टिकटिक करतं, भूक वेळेवर लागते, नखं नेहमीच्याच वेगाने वाढतात. फरक कळतो तो घरी परतल्यावर.

चित्रपटातली मंडळी हे सगळं ठाऊक असूनही उतरतात, कारण पृथ्वीवर पिकं मरत चाललेली असतात आणि माणसांना नवं घर हवं असतं. मिलरबाईंकडून ‘इथे ठीक आहे’ असा संदेश वर्षानुवर्षं येत असतो. पण त्यांच्या घड्याळात जेमतेम तास-दोन तास झालेले! ग्रहावर सगळीकडे गुडघाभर पाणी. लांबवर डोंगरांची रांग दिसते. ते डोंगर नसतातच. त्या लाटा असतात, माथेरानच्या दीडपट उंच. मिलरबाई वाचलेल्या नसतात, आलेल्यांपैकीही एकजण जातो. यानात पाणी शिरतं आणि ते सुकेपर्यंत थांबण्यात मोलाची मिनिटं वाया जातात.

वर मुख्य यानात थांबलेला सोबती दार उघडतो, तर त्याची दाढी पांढरी झालेली. तेवीस वर्षं, चार महिने, आठ दिवस तो वाट बघत होता!

यानाचा वैमानिक कूपर घरी दहा वर्षांची मुलगी ठेवून आलेला असतो. निघताना ती रुसलेली होती. आता तो पडद्यासमोर बसून साठलेले निरोप पाहतो. मुलगा बघता बघता बाप्या होतो, त्याचं लग्न होतं. शेवटी मुलगी दिसते. ती सांगते, की बाबा, तुम्ही निघालात तेव्हा जेवढे होतात, तेवढी मी आज झाले. बाबांची एक दुपार गेली आणि तिचं अख्खं लहानपण. पुढे काय होतं ते सांगत नाही, सिनेमाच पाहा. आई-बाबांनी रुमाल जवळ ठेवावा.

अशीच गोष्ट आपल्या भागवतातही आहे. आजीला ककुद्मी राजा विचारा. मुलगी रेवतीसाठी वर विचारायला तो तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला. तिथे गाणं चाललं होतं, म्हणून थोडा थांबला. तेवढ्यात खाली सत्तावीस चतुर्युगं उलटली! त्याने मनात धरलेली स्थळं, त्यांची नातवंडं-पतवंडं, सगळी केव्हाच संपली होती. मग रेवतीला नवरा मिळाला तो बलराम.

गार्गांटुआ मात्र नुसती कल्पना नाही, तिला गणिताचा आधार आहे. दिग्दर्शक ख्रिस्तोफर नोलान यांना ‘एका तासाला सात वर्षं’ हवीच होती. त्यांचे सल्लागार किप थॉर्न हे अमेरिकेतले मोठे भौतिकशास्त्रज्ञ, ज्यांना २०१७ साली नोबेल मिळालं. त्यांना आधी हे अशक्यच वाटलं. मग ते गणित मांडून बसले आणि उत्तर निघालं! कृष्णविवर जवळजवळ कमाल वेगाने स्वतःभोवती गरगरत असेल, तर ग्रह त्याला इतकं खेटूनही आत न पडता फिरू शकतो. थॉर्न यांच्याच समीकरणांवरून लंडनच्या संगणक-चित्रकारांनी ते कृष्णविवर चितारलं. काही चित्रं इतकी किचकट, की एकेका चित्राला संगणकाला शंभर तास लागले!

आणि ते गुडघाभर पाणी? तिथे खरोखर जाता येतं. ते आहे आइसलँडच्या दक्षिण किनाऱ्यावर, ब्रुनासांडूर इथे. हिमनद्यांच्या पाण्याने वाहून आणलेल्या काळ्या वाळूचं हे सपाट मैदान. त्यावर पाण्याचा पातळ थर पसरलेला, जिकडेतिकडे करडं आभाळ. यानाची प्रतिकृती तिथे नेऊन चित्रीकरण झालं. लाटा तेवढ्या संगणकाच्या.

गुरुत्वाकर्षण जास्त तिथे काळ संथ, हा आइनस्टाइनचा नियम पृथ्वीवरही चालतो. फरक फक्त चिमुकला असतो. टोकियोच्या स्कायट्री मनोऱ्यावर जपानी शास्त्रज्ञांनी अतिअचूक घड्याळं ठेवली, एक तळाशी आणि दुसरं ४५० मीटर वर. वरचं घड्याळ रोज पुढे जात होतं. किती? सेकंदाचे शंभर कोटी भाग केले, तर त्यातले चार भाग. हा प्रयोग २०२० साली प्रसिद्ध झाला.

हेच गणित आपल्या कळसूबाईला लावू. उंची १६४६ मीटर. बारी गावातून चढून, लोखंडी शिड्या पार करून वरच्या देवळाजवळ असं एक घड्याळ ठेवलं, तर समुद्रकाठच्या घड्याळापेक्षा ते वर्षाला सेकंदाच्या दहा लाख भागांपैकी पाच-सहा भाग पुढे जाईल. पूर्ण एका सेकंदाचा फरक पडायला सुमारे पावणेदोन लाख वर्षं लागतील. तेव्हा वर गेलात की डबा सावकाश खा!