रानहळद: जो कंद खायचा नाही, तो घरात वाढवताना



आमच्या गॅलरीतली रानहळद यंदा फुलली आणि महिला मंडळातल्या दोघी-तिघी बघून गेल्या. एकीने विचारलं, ही कर्दळ का गं? दुसरीचा प्रश्न अवघड होता. म्हणाली, कंदमुळाचा त्याग आहे ना तुझा, मग कंद कुंडीत कसा? सासूबाईंनीही पहिल्या वर्षी नेमकं हेच विचारलं होतं. म्हणून आज दोन्ही प्रश्नांवर सविस्तर लिहिते. आधी सोपा प्रश्न घेते.

पनवेल सोडून जुन्या मुंबई-पुणे रस्त्याला लागलं की आमचं कोन येतं. एका अंगाला प्रबळगड-माथेरानची रांग, दुसरीकडे लांबवर कर्नाळ्याचा सुळका. मे महिन्यात या डोंगरउतारांकडे बघवत नाही, नुसती तांबडी माती आणि वाळकं गवत. जूनचे पहिले दोन-तीन चांगले पाऊस झाले की त्याच मातीतून हिरव्या सुरळ्या वर येतात. आठ-पंधरा दिवसांत त्यांची हळदीसारखी लांबट पानं होतात, आणि मग मधूनच गुलाबी-जांभळा तुरा दिसतो. लांबून तो तुराच फूल वाटतो, पण ते खरं फूल नव्हे. तुऱ्याखाली हिरवट पात्यांचं कणीस असतं, त्याच्या एकेका खोबणीतून पिवळंधमक, नाजूक फूल डोकावतं. तेच रानहळदीचं फूल. काही झाडांचं कणीस पानांच्या शेजारून थेट मातीतून निघतं, तर काहींचं पुढे श्रावण-भाद्रपदात पानांच्या मधोमध येतं. त्यामुळे दोन वेगळी झाडं आहेत असं वाटतं, पण झाड एकच.

ओळखताना घोटाळा होतो तो असा. घरच्या हळदीचा तुरा पांढरा किंवा फिकट गुलाबी असतो आणि पान चुरडलं की ओळखीचा वास येतो. चवर उंच वाढते, तिला गुलाबी तुराच नसतो आणि फुलं पांढरी असतात. पेव पांढऱ्या फुलांचा असतो आणि त्याची पानं खोडाभोवती जिन्यासारखी वळत वर जातात. एक जुळी बहीण मात्र खरंच फसवते. तिचंही कणीस मातीतून येतं, पण आतलं फूल जांभळट-गुलाबी असतं, मध्ये पिवळी पट्टी. म्हणून तुऱ्यावर जाऊ नका. खाली वाका आणि खोबणीतल्या फुलाचा रंग बघा. पिवळा असेल तर रानहळद. कर्दळीचा तर संबंधच नाही, तिच्या फुलाला असं कणीस नसतं.

या झाडाला शास्त्रीय नाव दिलं ते जॉन ग्रॅहम नावाच्या स्कॉटिश माणसाने. मुंबईच्या टपाल खात्यातला अधिकारी, पण जीव सगळा झाडांत. मुंबई इलाख्यातल्या झाडांची त्याची यादी १८३९ साली छापली गेली, तिच्यात आपली ही ‘कुरकुमा स्युडोमोंटाना’ आहे. त्याच वर्षी तो खंडाळ्याला वारला. पुस्तकाचं उरलेलं काम त्याच्या स्नेह्याने पुरं केलं. आमच्या दारावरून जाणारा रस्ता पुढे खंडाळ्यालाच चढतो. पावसाळ्यात घाट चढताना मला हा माणूस आठवतो.

आता दुसरा प्रश्न. ओली हळद, ओलं आलं, कचोरा ही सगळी आपल्याकडे अनंतकायात धरतात. एका शरीरात अनंत जीव. समंतभद्र आचार्यांनी रत्नकरंड श्रावकाचारात मुळा, ओलं आलं, लोणी, कडुनिंबाची फुलं, केवडा हे सगळं सोडायला सांगितलं आहे. कारण एकच, लाभ थोडा आणि घात फार. आलं आणि हळद एकाच कुळातली. आपण सुंठ आणि वाळलेली हळद वापरतो, ओली नाही, ती त्यामुळेच. रानहळदही त्याच कुळातली. मातीखाली तिचा गड्डा असतो आणि मुळांच्या टोकांना लहान लहान गाठी लटकतात.

सासूबाई म्हणाल्या, “अगं, जे खायचं नाही ते घरात वाढवायचं तरी कशाला?” मला त्यावर लगेच उत्तर सुचलं नाही. पण आचार्यांचा तो हिशोब डोक्यात फिरत राहिला. घात कुठे होतो? खणण्यात होतो, चिरण्यात होतो, शिजवण्यात होतो. घरच्या हळदीची गोष्टच बघा. तिला बी धरत नाही, माणसाने गड्डे खणून, तोडून पुन्हा लावले तरच तिचा वंश चालतो. म्हणजे दरवर्षी खणणं आलंच. रानहळदीला हे काही लागत नाही. ती स्वतः उगवते, स्वतः निजते. जो कंद कधीच खणायचा नाही तो लावणं आणि बटाटा पिकवणं, या दोन गोष्टी मला तरी एक वाटत नाहीत. ज्यांचे नियम माझ्याहून कडक आहेत त्यांनी आपल्या माताजींना विचारून ठरवावं. मी माझ्यापुरतं सांगतेय.

पण कंद घरात आणायचा तर एकदा तरी कुठून तरी उचलावा लागतोच, आणि तिथे मी अडले होते. कर्नाळ्याच्या जंगलात रानहळद आहे. तिथून उपटून आणायची? अजिबात नाही. अभयारण्यातून काहीही उचलणं १९७२च्या वन्यजीव कायद्याने गुन्हा आहे, आणि कायदा नसता तरी न दिलेली वस्तू घेणं आपल्या अचौर्य अणुव्रतात बसत नाही. जंगलाने काही ‘घे’ म्हटलेलं नसतं. फिरायला गेलेल्या बायका पिशवीत गड्डे घालून आणताना मी पाहिल्या आहेत, फार वाईट वाटतं.

माझ्याकडे ती आली ती वेगळ्या वाटेने. गावामागच्या एका आजींच्या जमिनीचा उतार इमारतीसाठी सपाट होणार होता. दरवर्षी पावसात मी तिथली फुलं बघायला जायची, आजी ओळखायच्या. मे महिन्यात त्यांनीच निरोप धाडला की परवा जेसीबी येतोय, तुला हवी तर घेऊन जा. वर तर काहीच दिसत नव्हतं. कुठे खणायचं तेही आजींनीच पायाने दाखवलं. मी खुरपं घेऊन बसले आणि हात थांबला. माझ्या हाताने माती खणायची, पृथ्वीकायाची आणि कंदाची विराधना. नाही खणली तर दोन दिवसांनी लोखंडी दातांनी सगळा उतार उलटा होणार. दोन्हीकडे दोष आहेच. कोणता कमी, एवढंच ठरवायचं होतं. खुरप्याने मातीचा गोळा मुळांसकट सैल केला आणि न फोडता घमेल्यात ठेवला. असे पाच गोळे आणले. बाकीचे तिथेच राहिले. ते आठवलं की अजून चुटपुट लागते.

तुमच्या ओळखीत अशी जमीन नसेल तर देशी झाडांच्या रोपवाटिकेत विचारा. त्यांनी रोप स्वतः वाढवलंय की जंगलातून आणलंय, हे मात्र न लाजता विचारा.

लावायचं सोपं आहे. तोंड रुंद आणि खोली निदान फूटभर असलेली कुंडी घ्या. तांबडी माती, कुजलेला पालापाचोळा आणि थोडी जाड वाळू. पाणी थांबता कामा नये, खालचं भोक मोकळं हवं. रोपवाटिकेच्या तयार मिश्रणात आणि खतात हाडांचा चुरा असतो, पुष्कळदा पिशवीवर बारीक अक्षरात लिहिलेलं असतं. आपल्या घरात तो कशाला? मी पालापाचोळाच कुजवते, दुसरं काही घालत नाही. ऊन सकाळचं पुरतं, दुपारची सावली हवी, कारण ती मुळात झाडांखाली वाढणारी आहे. कुंडीखाली ताटली ठेवू नका, पाणी साचून डास होतात आणि मग ते मारायची वेळ येते.

पानं गुंडाळून आत राहणारी एक अळी हमखास येते. ती एका लहान फुलपाखराची, हळदीच्या कुळावरच वाढते. फवारू नका. चार पानं जातात, झाडाला काही होत नाही.

कणीस तोडू नका, पूजेसाठीसुद्धा. आमच्याकडे पूजेत फुलं वाहतात, काहींकडे केशरी अक्षता असतात, तो वाद इथे नको. पण या कणसाच्या खोबण्यांत पावसाचं पाणी साचतं आणि त्यात बारीक किडे-अळ्या असतात. तोडलेलं कणीस म्हणजे तेवढे त्रस जीव हातात. दशलक्षणात एकीने हौसेने फुलदाणीसाठी मागितलं होतं. तिला इथेच येऊन बघ म्हटलं, ती आली, आणि खोबणीत वाकून बघितल्यावर स्वतःच नको म्हणाली.

दिवाळीच्या सुमारास पानं पिवळी पडायला लागतात. कार्तिकातल्या अष्टाह्निकेपर्यंत बहुतेक कुंडी झोपते. इथेच बऱ्याच जणींची झाडं जातात, कारण मेली म्हणून कुंडी रिकामी करतात किंवा दया येऊन पाणी घालत राहतात. पाणी बंद करा. वाळलेली पानं आपोआप सुटली की काढा, ओढू नका. कुंडीवर ‘रानहळद’ अशी पट्टी चिकटवा, नाहीतर कामवाल्या मावशी तिच्यात मिरची लावतील. मे महिन्यापर्यंत एका कोपऱ्यात कोरडी राहू द्या. पहिल्या पावसाला उघड्यावर सरकवा, एवढंच.

गड्डे फोडून वाटायचे नाहीत, हा माझा नियम. तिसऱ्या वर्षी कुंडी गच्च भरली तेव्हा सबंध गोळा अलगद मोठ्या कुंडीत उतरवला, तेही मे महिन्यात. आषाढ शुद्ध चतुर्दशीनंतर चातुर्मासात मातीला हात लावत नाही. पाच गोळ्यांपैकी दोन कुंड्या तशाच अख्ख्या दिल्या, एक जाऊबाईंना सांगलीला, एक त्या आजींना. त्यांना आता नव्या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर घर मिळालंय. गॅलरी पूर्वेची आहे.