मंथरेचा डोळा

निवडणुका आल्या की आमच्या बीड जिल्ह्यातल्या भाषणांत मंथरा हमखास येते. घर कुणी फोडलं? मंथरेनं. भावाभावांत कुणी लावून दिलं? मंथरेनं. समोर बाई उमेदवार असली की मग विचारूच नका. एखादा वक्ता तर डावा डोळा बारीक करून दाखवतो अन् लोक हसतात.

मंडळी, तो डोळा रामायणातल्या मंथरेचा नाही. तो ललिता पवारांचा आहे.

१९८७ ला दूरदर्शनवर रामानंद सागरांचं ‘रामायण’ लागलं तेव्हा मी दुसरीत असेन. गल्लीत एकच टीव्ही. मंथरा दिसली की म्हाताऱ्या तिच्या नावानं बोटं मोडायच्या. आम्हा पोरांना वाटायचं, ही बाई मुद्दाम तसं बघते.

येवल्याची ही पोरगी मूकपटापासून कामाला लागलेली. नायिका झाली, निर्मातीही झाली. मग चाळीसच्या दशकात ‘जंग-ए-आझादी’च्या शूटिंगला भगवानदादांनी सीनमध्ये मारायची थप्पड खरोखरच जोरात बसली. चेहऱ्याची डावी बाजू लुळी पडली, डोळा कायमचा अधू झाला. तीन वर्षं उपचार चालले. नायिकेची कामं संपली ती संपलीच.

हा सरळसरळ कामावरचा अपघात. आपल्याला तो समजावून सांगायची गरज नाही. फडात कोयता बोटावर बसलेली बाई पुढच्या हंगामात त्याच हातानं मोळ्या बांधते, कारण उचल घेतलेली असते. ललिताबाईही त्याच डोळ्यानिशी कॅमेऱ्यापुढं परतल्या. सिनेमावाल्यांनी त्यांना खाष्ट सासू करून टाकलं अन् आपण पब्लिकनं तो डोळाच दुष्ट ठरवला.

पण ‘श्री ४२०’ (१९५५) मधली केळेवाली गंगामाई आठवा. ‘अनाडी’ (१९५९) मधली मिसेस डिसा बघा. राज कपूरवर खेकसते अन् त्याच्यावर मायाही करते. या कामाला फिल्मफेअर मिळालं. तिथंही डोळा तोच आहे की! पुढं १९६१ ला संगीत नाटक अकादमीचा पुरस्कारही मिळाला, हे आपल्याकडं किती जणांना माहीत आहे कोण जाणे.

मंथरा केली तेव्हा बाईंचं वय सत्तर होतं. त्यानंतर अकराएक वर्षांनी, फेब्रुवारी १९९८ मध्ये, त्या पुण्यात वारल्या.