माझ्याकडची जादूची लेखणी

गेल्या वर्षी मी माझ्या चौथीच्या वर्गाला निबंध घातला होता : 'मला जादूची लेखणी मिळाली तर...' एकानं लिहिलं, मी सगळे सोमवार खोडून तिथे रविवार लिहीन. एकीनं लिहिलं, मी मे महिना शंभर दिवसांचा करीन. आणि मागच्या बाकावरच्या एका शांत मुलानं दोनच ओळी लिहिल्या होत्या, की मी आजोबांच्या पडण्याच्या आदला दिवस परत लिहीन. त्याला किती गुण द्यावेत हे मला अजून कळलेलं नाही.

अशा लेखण्यांची माणसाला फार हौस. यमाच्या दरबारात चित्रगुप्त वही-लेखणी घेऊन बसलाय, आपण चोरून खाल्लेला लाडूसुद्धा त्याच्याकडे लिहिलेला असतो म्हणे! बाळ जन्मलं की सहाव्या रात्री सटवाई येते आणि त्याच्या कपाळावर पुढचं सगळं लिहून जाते. म्हणून आमच्याकडे त्या रात्री पूजेत कोरा कागद आणि पेन ठेवतात. (लहानपणी मला भारी काळजी, की पेनातली शाई संपलेली असली तर?) हॅरी पॉटरच्या दुसऱ्या पुस्तकातली ती डायरी तर तुमच्यापैकी कित्येकांना पाठ असेल. तिच्यात लिहिलं की डायरी उत्तर देते, आणि हॅरीला पन्नास वर्षं मागं ओढून नेते.

पण आज मला सांगायचंय ते माझ्याच टेबलावरच्या एका साध्या पेनाबद्दल. ते काळ बदलतं. खरंच बदलतं! विश्वास बसत नसेल तर आज घरी आजी-आजोबांचा वाढदिवस विचारा. पुष्कळ जण सांगतील, '१ जून'.

आता एवढी सगळी माणसं एकाच दिवशी कशी जन्मली? तर तशी ती जन्मलीच नाहीत. पूर्वी खेड्यात जन्माची नोंद कुणी फारशी ठेवत नसे. जूनमध्ये शाळा सुरू झाली की आई पोराला घेऊन येई, गुरुजी वय विचारत, आई म्हणे, 'असंल की सा वर्साचं.' मग गुरुजी दौतीत टाक बुडवून लिहून टाकत : १ जून. वर्षही अंदाजानंच. त्या वहीला आम्ही जनरल रजिस्टर म्हणतो. तिच्यात जन्मतारीख अंकांत लिहायची आणि शेजारी अक्षरांतही लिहायची, आणि मनाला येईल तेव्हा खाडाखोड करायची नाही. एकदा लिहिलं की लिहिलं. सटवाईसारखंच.

माझे वडील असेच एक जूनवाले. आमचं मूळ गाव कोयनेकाठी, पाटण तालुक्यात. आजी सांगायची, '११ डिसेंबर १९६७ ला पहाटे भूकंप झाला, तवा ह्यो नुकता चालाया लागला हुता, अंगणात कडेवर घिऊन पळाले.' म्हणजे जन्म १९६६ च्या श्रावणातला. पण पहिलीत बसायला वय पुरत नव्हतं, आणि आजीला तर रोज भात लावायला जायचं होतं. गुरुजींनी भलेपणानं लिहिलं : १ जून १९६५. चौदा महिने एका झटक्यात! आम्ही भावंडं त्यावरून वडिलांची थट्टा करायचो. पण सरकारी नोकरीत अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्ती असते, आणि एक तारखेचा जन्म असला की आदल्याच दिवशी घरी बसावं लागतं. वडील ३१ मे २०२३ ला निवृत्त झाले. खऱ्या जन्मतारखेनं त्यांना पुढच्या वर्षीचा ऑगस्ट मिळाला असता. त्या संध्याकाळी हारतुरे ठेवून ते एवढंच म्हणाले, "गुरुजींनी शाळेत घेतलं म्हणून तर नोकरी लागली." मी गप्प बसले. कारण तोवर मीही तेच करून बसले होते.

आठ वर्षांपूर्वी एक आई धाकट्याला घेऊन आली. ऊसतोडीला जायचं होतं, थोरला आमच्याच शाळेत होता. "बाई, भावाशेजारी बसू दे ह्याला, आजीजवळ राहतील दोघं." पोरगा पाच वर्षांचाही नव्हता. जन्मदाखला नव्हता. मला दया आली, आणि मी पेन उचललं : १ जून २०११. तो जन्मला होता २०१२ च्या दिवाळीत.

आता तो हायस्कूलात नववीला आहे. कबड्डीत त्याच्यासारखी चढाई तालुक्यात कुणाची नाही, पण गेल्या हंगामात त्याला चौदा वर्षांखालच्या संघात घेतलं नाही. कागदावर तो चौदा ओलांडून गेला होता. अंगानं अजून लहान, म्हणून वरच्या गटातही नाही. तो मला भेटायला आला, तक्रार काही केली नाही, नुसतं विचारलं, "बाई, माझी तारीख कुणी लिहिली?"

मुलांनो, मी मोठ्या माणसासारखं उत्तर टाळू शकले असते. "मी लिहिली," म्हटलं. तो खाली बघत उभा राहिला. मग म्हणाला, "आईला विचारून लिहायची होती."

या जूनमध्ये पहिलीत एक मुलगी आली. तिच्याकडेही दाखला नाही. आई म्हणाली, २०१९ च्या महापुरात गाव उठवलं, एका शाळेच्या खोलीत राहिलो होतो, तिथंच ही झाली. "पंचमीनंतर तिसऱ्या दिवशी बगा." शेजारून कुणीतरी म्हणालं, टाका एक जून. माझा हात सवयीनं वहीकडे गेलासुद्धा! पण मी पेनाला टोपण लावलं आणि त्यांच्या गावच्या अंगणवाडीत गेले. कायद्यानं अंगणवाडीची नोंदही चालते. ताईंनी पिवळी पडलेली वही उघडली. नागपंचमी होती ५ ऑगस्टला, आणि वहीत होतं, ७ ऑगस्ट २०१९. परत आल्यावर मी ते रजिस्टरात अंकांत लिहिलं, अक्षरांत लिहिलं, आणि मुलगी टाचा उंचावून बघत राहिली.

कबड्डीवाल्याच्या आईला ट्रंकेत त्याच्या लशींचं कार्ड सापडलं आहे. मूल शाळेत आहे तोवर पुरावा जोडून दुरुस्तीचा अर्ज करता येतो, तो आम्ही केला आहे. चूक माझी, असं पत्रही मी सोबत जोडलं. अर्ज अजून वरच्या कचेरीत आहे. परवा बाजारात तो भेटला, हातात भाजीची पिशवी.

"बाई, झालं का माझं वय कमी?"

"अजून नाही रे."

"बरं. तोवर मी छोट्यांना शिकवतोय," म्हणाला, आणि पळाला.